पोळी केवढी, विहीर केवढी?

मधुमेहाचे निदान झाले की पहिल्याच भेटीत मिळणारा सल्ला आता बहुतेक घरांत पाठ झाला आहे : ‘जेवणात दोनच पोळ्या.’ सल्ला योग्य असतो, रुग्णही प्रामाणिक असतो. तो घरी येऊन मोजून दोनच पोळ्या खातो. तरी दोन-तीन महिन्यांनी तपासणीत साखरेचा आकडा फारसा हललेला नसतो. मग चौकशी सुरू होते. गोळी बदलावी का? चालणे कमी पडते का? घरातल्यांची नजर चुकवून गोड खाल्ले जाते का? या सगळ्यात एक साधा प्रश्न विचारायचा राहून जातो : पोळी केवढी?

समजा, सल्ला देणाऱ्याच्या डोळ्यांसमोर सहा इंची फुलका होता, म्हणजे साधारण १५ सेंटिमीटर व्यासाचा. घरी मात्र पोळपाटभर लाटलेली आठ इंची पोळी होते, म्हणजे २० सेंटिमीटरची. दोन्हींतला फरक पाच सेंटिमीटर, जेमतेम तीन बोटांचा. पण फुलक्याचे क्षेत्रफळ भरते १७७ चौरस सेंटिमीटर आणि पोळीचे ३१४. जाडी सारखी धरली तर पोळीत ७८ टक्के कणीक जास्त. म्हणजे अशा दोन पोळ्या खाणारा माणूस साडेतीन फुलक्यांइतके खातो आणि वहीत ‘दोन’ लिहितो. तो खोटे बोलत नाही. सल्ला देणाराही चुकलेला नाही. दोघांच्या मनातले माप मात्र वेगवेगळे आहे.

हे माप आपण सगळेच शाळेत शिकलो आहोत. ‘पाय गुणिले त्रिज्येचा वर्ग’ हे वर्तुळाच्या क्षेत्रफळाचे सूत्र झोपेतून उठवून विचारले तरी अनेकांना सांगता येईल. परीक्षा संपली आणि ते जुन्या वह्यांबरोबर माळ्यावर गेले. माझे म्हणणे असे, की शाळेतल्या सूत्रांपैकी रोजच्या आयुष्यात, विशेषतः आरोग्याच्या बाबतीत, खूप उपयोगी पडू शकणारे हे सूत्र आपण निव्वळ गुणांपुरते ठेवले आहे. त्याची किंमत कधी खिशाला मोजावी लागते, कधी शरीराला आणि कधी अख्ख्या गावाला.

डोळा कुठे फसतो

गोल वस्तू समोर आली की आपला डोळा तिची रुंदी पाहतो, म्हणजे व्यास. वस्तूत मावणारा ऐवज मात्र व्यासाच्या नव्हे, व्यासाच्या वर्गाच्या हिशेबाने वाढतो. व्यास दुप्पट झाला तर क्षेत्रफळ चौपट होते. तिप्पट झाला तर नऊपट. व्यास फक्त १० टक्के वाढला तरी क्षेत्रफळ २१ टक्के वाढते. लहान-मोठे गोल शेजारी ठेवले तर मोठा गोल प्रत्यक्षात जितका मोठा असतो त्यापेक्षा कमी वाटतो, हे मानसशास्त्राच्या प्रयोगांतही वारंवार दिसून आले आहे. त्यामुळे हा दोष तुमच्या-माझ्या हुशारीचा नाही. डोळ्याची घडणच तशी आहे, म्हणून त्याला आकड्याचा आधार द्यावा लागतो.

हा आधार वाटतो तितका अवघड नाही. दोन गोल वस्तूंची तुलना करायची असेल तर ‘पाय’ची गरजच पडत नाही, कारण तो दोन्हीकडे सारखाच असतो. फक्त दोन्ही व्यासांचे वर्ग करायचे. १५ चा वर्ग २२५ आणि २० चा ४००. चारशेला सव्वादोनशेने भागा, पावणेदोनपटीपेक्षा थोडे जास्त येते. संपला हिशेब. प्रत्यक्ष क्षेत्रफळ हवे असेल तर व्यासाच्या वर्गाला ०.७८५ ने गुणायचे. हा आकडा कुठून आला? चौकोनी कापडातून त्यात बसणारा मोठ्यात मोठा गोल कापला, तर रुपयातले साडेअठ्ठ्याहत्तर पैसे कापड गोलात येते आणि उरलेले चार कोपऱ्यांच्या चिंध्यांत जाते. त्रिज्या, वर्ग, पाय अशा पायऱ्या चढण्यापेक्षा हे लक्षात ठेवणे सोपे. शिवाय टेपने मोजता येतो तो व्यास. त्रिज्या मोजायला आधी मध्य शोधावा लागतो.

सूत्र खरे कशावरून, असे घरातल्या मुलाने विचारले तर उत्तर स्वयंपाकघरातच आहे. एक पोळी घ्या आणि मध्यातून कापत तिचे १६ सारखे त्रिकोणी तुकडे करा. आता ते एक टोक वर, एक टोक खाली असे शेजारी शेजारी लावा. जवळजवळ आयत तयार होतो. त्याची उंची म्हणजे पोळीची त्रिज्या. त्याची लांबी म्हणजे पोळीच्या काठाचा अर्धा भाग, कारण निम्म्या तुकड्यांचा काठ वर गेला आणि निम्म्यांचा खाली. म्हणून क्षेत्रफळ झाले अर्धा परीघ गुणिले अर्धा व्यास. तुकडे जितके बारीक, तितका आयत नेटका.

आर्यभटाने इ. स. ४९९ मध्ये लिहिलेल्या ‘आर्यभटीय’ या ग्रंथात वर्तुळाच्या क्षेत्रफळाचा नियम नेमका याच शब्दांत आहे : अर्धा परीघ गुणिले अर्धा व्यास. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त, म्हणजे ११५० च्या सुमारास, व्यासाचा चौथा भाग आणि परीघ यांचा गुणाकार सांगितला आहे, अर्थ तोच. जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळच्या पाटण इथला शिलालेख सांगतो, की भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी त्यांच्या नातवाने तिथे मठ स्थापन केला होता. लीलावतीत ‘पाय’साठी दोन किमती दिल्या आहेत. एक सूक्ष्म, ३९२७ भागिले १२५०. दुसरी आपल्या ओळखीची, २२ भागिले ७. ती ढोबळ आहे पण व्यवहाराला पुरेशी आहे, असे ग्रंथकारानेच म्हटले आहे. व्यवहार हा शब्द महत्त्वाचा. आपल्याकडे हे गणित व्यवहारासाठी सांगितले जात होते. आपण ते फळ्यावरच ठेवले.

खिशाचा हिशेब

पैशांची उदाहरणे सोपी आहेत, म्हणून आधी ती उरकू. बारा इंची पिझ्झा शिल्लक नाही, त्याऐवजी आठ इंची दोन घ्या, असे दुकानदार म्हणाला तर फायदा झाला असे वाटते. बाराचा वर्ग १४४. आठचा ६४, दोनदा घेतले तरी १२८. दोन मिळूनही कमीच.

पाइपांचेही तसेच. शेतात तीन इंची पाइपाच्या जागी दोन इंची दोन पाइप टाकले तर नऊच्या जागी चार अधिक चार, म्हणजे आठच हिस्से मिळतात. प्रत्यक्षात पाणी त्याहूनही कमी येते, कारण बारीक पाइपांत पाण्याला आतल्या भिंतीचे घर्षण जास्त जाणवते. इथे एक सावधगिरीही सांगायला हवी. साडेचार इंचीऐवजी साडेसहा इंची बोअर घेतले की भोकाचे क्षेत्रफळ दुपटीहून जास्त होते, म्हणून पाणीही दुप्पट लागेल, असा समज करून घेऊ नये. पाणी किती लागणार हे खालच्या खडकातल्या भेगांवर ठरते. सूत्र वापरायचे तर ते कुठे लागू पडते हेही पाहावे लागते.

शरीरातले गोल

आता मुद्द्याचे. आपल्या शरीरात गोल छेदाच्या नळ्या भरपूर आहेत. श्वासनलिका, रक्तवाहिन्या, अन्ननलिका. त्यांच्या बाबतीत एखादा मिलिमीटर किती मोठा असतो, हे वर्ग केल्याशिवाय कळत नाही.

लहान मुलांच्या डॉक्टरांना शिकवले जाणारे एक उदाहरण पाहा. तान्ह्या बाळाच्या श्वासमार्गाचा व्यास चार मिलिमीटर आणि मोठ्या माणसाचा आठ मिलिमीटर धरू. सर्दी-खोकल्यात आतल्या अस्तराला सगळीकडून एक मिलिमीटर सूज आली. मोठ्या माणसाचा मार्ग आठावरून सहावर आला; वर्गांच्या हिशेबाने ६४ वरून ३६, म्हणजे ४४ टक्के घट. घसा धरल्यासारखा वाटेल, पण तो बोलू शकेल, पाणी पिऊ शकेल. बाळाचा मार्ग मात्र चारावरून दोनवर आला. १६ वरून ४. तीन चतुर्थांश वाट बंद. हवेला होणारा अडथळा तर याहूनही झपाट्याने वाढतो. आजार तोच, सूज तेवढीच. आईला नुसता खोकला झालेला असतो आणि बाळाचा जीव धोक्यात असू शकतो. म्हणून बाळ श्वास घेताना कर्कश आवाज येत असेल, बरगड्यांखालची जागा आत ओढली जात असेल, ते दूध ओढत नसेल, तर ‘आम्हालाही झाली होती सर्दी, जाईल’ असे म्हणत रात्र काढू नये. तातडीने दवाखाना गाठावा.

दुसरे उदाहरण हृदयाच्या रक्तवाहिन्यांचे. ‘पन्नास टक्के ब्लॉक’ हे शब्द आता घरोघरी ऐकू येतात. हे पन्नास टक्के कशाचे? अँजिओग्राफीच्या अहवालातले टक्के सहसा व्यासाचे असतात. व्यास निम्मा झाला म्हणजे क्षेत्रफळ चौथ्या हिश्शावर आले. म्हणजे वाट ७५ टक्के बुजली. व्यासाने ७० टक्के अरुंद झालेल्या जागी क्षेत्रफळाचा जेमतेम ९ टक्के भाग मोकळा उरतो. रक्तवाहिनीच्या आत नळी घालून अल्ट्रासाउंड करतात त्या तपासणीत मात्र अनेकदा क्षेत्रफळाचे टक्के दिले जातात. आता एकाच्या अहवालात ‘५०’ आणि शेजाऱ्याच्या अहवालात ‘७५’ असेल तर ओट्यावरच्या गप्पांत दुसऱ्याचा आजार मोठा ठरतो. प्रत्यक्षात दोघांची अवस्था सारखी असू शकते. उपचार काय करायचे हे या एका आकड्यावर ठरत नाही. अडथळा कुठल्या वाहिनीत आहे, त्रास किती होतो, हृदयाच्या स्नायूला रक्त पुरते का, हे सगळे पाहूनच हृदयरोगतज्ज्ञ निर्णय घेतात. पण रुग्णाने ‘डॉक्टर, हे टक्के व्यासाचे की क्षेत्रफळाचे?’ एवढे विचारणे हा उद्धटपणा नाही. आणि डॉक्टरांनी ते न विचारताच सांगितले तर निम्मी घबराट, किंवा निम्मी बेफिकिरी, तिथेच कमी होईल.

तिसरे उदाहरण धीर देणारे आहे. मधुमेही माणसाच्या तळपायाला जखम झाली की तिची मलमपट्टी हा घरातला रोजचा कार्यक्रम होऊन बसतो. सुरुवातीला चार सेंटिमीटर रुंद असलेली गोलसर जखम महिन्याने तीन सेंटिमीटर झाली, तर घरचे म्हणतात, एवढे करून एकच सेंटिमीटर! मग पट्टीचा, पाय टेकू न देण्याचा, साखर सांभाळण्याचा उत्साह ओसरतो. वर्ग करून पाहा : १६ वरून ९. म्हणजे ४४ टक्के जखम भरली. चार आठवड्यांत जखमेचे क्षेत्रफळ निम्म्यावर आले की नाही, ही ती पुढे बरी होईल का हे ओळखण्याची डॉक्टरांची एक नेहमीची खूण आहे. क्षेत्रफळ निम्मे होण्यासाठी चार सेंटिमीटरचा व्यास दोनवर यावा लागत नाही, २.८ वर आला तरी पुरते. म्हणजे ही जखम त्या खुणेच्या अगदी जवळ आली आहे. अशा वेळी पट्टी सोडून देणे म्हणजे घाट चढून आल्यावर माथ्याखाली बसकण मारण्यासारखे. उलट, महिना उलटून चाराचे पावणेचारच झाले असतील, तर वर्गाने १६ चे १४. फार काही भरलेले नाही. आणखी वाट न पाहता डॉक्टरांना दाखवायला हवे. लांबी गुणिले रुंदी करून जखम नोंदवायची पद्धतही आहे. त्यात गोल जखम २७ टक्क्यांनी मोठी दिसते, कारण चार कोपऱ्यांच्या चिंध्याही मोजल्या जातात. दर वेळी एकाच पद्धतीने मोजले तर बिघडत नाही. आज एक आणि पुढच्या आठवड्यात दुसरी पद्धत वापरली तर जखम भरली की वाढली, हेच कळत नाही.

विहिरीच्या काठावर

आतापर्यंतची उदाहरणे एकेका माणसाची होती. पावसाळ्यात हेच गणित गावाच्या विहिरीपाशी येते, आणि तिथे एका चुकीचा फटका अनेक घरांना बसतो.

ज्या गावांत पिण्याचे पाणी विहिरीतून येते, तिथे पाणी निर्जंतुक करण्यासाठी ब्लीचिंग पावडर, म्हणजे गावाच्या भाषेत ‘टीसीएल’, वापरतात. हे काम ग्रामपंचायतीच्या जलसुरक्षकाचे. चांगल्या प्रतीची पावडर असेल तर साधारण १००० लिटर पाण्याला अडीच ग्रॅम, हा वैद्यकीय पुस्तकांतला ढोबळ हिशेब आहे. पाणी गढूळ असेल तर जास्त लागते. पोते उघडे राहून पावडरीतला क्लोरीन उडून गेला असेल तरीही जास्त लागते. पण या सगळ्याच्या आधी एक प्रश्न येतो. विहिरीत पाणी किती लिटर आहे?

गोल विहिरीचे क्षेत्रफळ गुणिले पाण्याची खोली, एवढेच त्याचे उत्तर. दोन विहिरी घेऊ. एक पाच मीटर व्यासाची, दुसरी सात मीटरची. दोन्हींत तीन मीटर पाणी आहे. काठावर उभे राहून पाहिले तर दुसरी ‘जरा मोठी’ वाटते. पहिलीचे क्षेत्रफळ १९.६ चौरस मीटर, पाणी जवळजवळ ५९ हजार लिटर. दुसरीचे ३८.५ चौरस मीटर, पाणी १ लाख १५ हजार लिटरच्या घरात. पहिलीला पावडर लागते १४७ ग्रॅम, दुसरीला २८९. ‘जरा मोठ्या’ विहिरीला जवळजवळ दुप्पट.

आता दोन्हींत सारखीच पावडर टाकली तर काय होईल? मोठ्या विहिरीत निम्मी मात्रा पडली म्हणजे संरक्षणही निम्मे मिळाले, असे होत नाही. पाण्यात टाकलेला क्लोरीन आधी पाण्यातली घाण आणि सेंद्रिय पदार्थ यांच्यावर खर्च होतो. त्यातून जो उरतो तो पुढचे जंतू मारायला पाण्यात शिल्लक राहतो. हा शिल्लक क्लोरीन तासाभरानंतरही लिटरमागे किमान अर्धा मिलिग्रॅम असावा लागतो. मात्रा निम्मी पडली तर सगळा क्लोरीन पहिल्याच खर्चात संपून शिल्लक शून्य राहू शकते. रजिस्टरमध्ये ‘टीसीएल टाकले’ अशी नोंद होते आणि गावात जुलाब-उलट्यांची साथ पसरू शकते. उलट लहान विहिरीत मोठीची मात्रा पडली तर पाण्याला उग्र वास येतो. बायका म्हणतात, या पाण्याने चहाही होत नाही, आणि घागरी ओढ्याकडे वळतात. अंदाज कमी पडला तरी धोका, जास्त झाला तरी धोका.

म्हणूनच शेवटी ओटी टेस्ट करतात. पाण्यात औषधाचे थेंब टाकून पिवळा रंग येतो का हे पाहणारी ती चाचणी हाच खरा पुरावा, सूत्र नव्हे. पावडरही कोरडी भिरकवायची नसते. बादलीत कालवायची, चुना खाली बसू द्यायचा, वरचे निवळ पाणी दुसऱ्या बादलीत घेऊन ती विहिरीत सोडून हलवायची आणि तासभर कुणाला पाणी भरू द्यायचे नाही, ही पद्धत आरोग्यसेवकांना माहीत असते. मात्रा किती हेही त्यांनाच विचारावे. पण त्या मात्रेचा पहिला आकडा विहिरीच्या क्षेत्रफळातून येतो, आणि तो चुकला तर पुढचे सगळे काम नेटके करूनही पाणी असुरक्षित राहू शकते.

रुंद विहिरीचा व्यास मोजणे जिकिरीचे असते. काठावरून टेप पलीकडे न्यायचा, तो बरोबर मध्यावरून जातो आहे हे पाहायचे, आणि त्यात तोल सांभाळायचा. त्यापेक्षा कठड्याभोवती दोरी फिरवून परीघ मोजणे सोपे आणि सुरक्षित. परिघाचा वर्ग करून त्याला ०.०८ ने गुणले की क्षेत्रफळ मिळते. परीघ २२ मीटर असेल तर २२ चा वर्ग ४८४, त्याचे आठ टक्के ३८.७, खऱ्या उत्तराच्या अगदी जवळ. एक मेख मात्र आहे. दोरी कठड्याच्या बाहेरून फिरते आणि पाणी आत असते. कठडा एक फूट जाड असेल तर सात मीटरची विहीर बाहेरून ७.६ मीटरची भरते आणि क्षेत्रफळ १८ टक्के जास्त येते. म्हणून आधी परिघाला ३.१४ ने भागून बाहेरचा व्यास काढायचा, त्यातून दोन्ही बाजूंची जाडी वजा करायची आणि मग वर्ग करायचा.

एक आकडा कठड्यावर

ही आकडेमोड जलसुरक्षकाने प्रत्येक वेळी विहिरीवर उभे राहून करावी, ही अपेक्षा मला अन्यायाची वाटते. त्याची गरजही नाही. पाण्याची पातळी रोज बदलते, पण बांधीव विहिरीचा व्यास बदलत नाही. म्हणून माझी सूचना अशी : पिण्याच्या पाण्याच्या प्रत्येक सार्वजनिक गोल विहिरीच्या कठड्यावर ऑइलपेंटने एकच ओळ रंगवावी. ‘या विहिरीत १ मीटर पाणी म्हणजे ३८,५०० लिटर.’ मग काम एवढेच उरते : दगड बांधलेली, मीटरच्या गाठी मारलेली दोरी सोडायची, ओली किती झाली ते पाहायचे, आणि गुणायचे. खर्च एका रंगाच्या डब्याचा. जलसुरक्षक बदलला, आरोग्यसेवकाची बदली झाली, तरी आकडा कठड्यावर राहील.

तो आकडा कुणी काढायचा? गावातल्या शाळेतल्या मुलांनी. पाठ्यपुस्तकातल्या वर्तुळाकार बागांची त्रिज्या बहुधा ७, १४ किंवा २१ मीटर असते, म्हणजे २२ भागिले ७ शी सुरेख भागाकार जातो. (हिशेब सोपा व्हावा म्हणून वर मीही सातच मीटरची विहीर घेतली.) खरी विहीर ६ मीटर ४० सेंटिमीटरची निघते, थोडी लंबगोल असते, तिचा कठडा एका बाजूला ढासळलेला असतो. अशा विहिरीचे क्षेत्रफळ काढताना मुलांना दोन ठिकाणी व्यास मोजून सरासरी घ्यावी लागेल, कठड्याची जाडी वजा करावी लागेल आणि उत्तर किती खरे मानायचे यावर वादही घालावा लागेल. शिक्षक सोबत असावेत, कठड्यावर कुणी चढू नये आणि मोजणी बाहेरून दोरीने व्हावी, एवढी काळजी घेतली की बस्स. एका तासात मुले जे शिकतील ते वहीतल्या वीस गणितांनी येणार नाही, आणि गावाला कायमचा उपयोगी आकडा मिळेल.

दवाखान्यांसाठीही छोटीच सूचना. आहाराच्या तक्त्यावर ‘२ पोळ्या’ असे छापण्याऐवजी ‘६ इंची २ पोळ्या’ असे छापावे, आणि कागदाच्या मागच्या बाजूला त्या मापाचा गोल काढून द्यावा. रुग्णाने घरची पोळी त्यावर ठेवून पाहावी. भाकरीला हे पुरेसे नाही, कारण भाकरीच्या जाडीत घराघरांत फरक असतो. तिथे दोन-चार दिवस पीठ तोलून पाहणे बरे. कुणाची उपासमार करावी असा याचा अर्थ नाही. कष्टाचे काम करणाऱ्याला आठ इंची तीन पोळ्याही लागू शकतात. पण किती लागतात हे ठरवताना सांगणारा आणि ऐकणारा एकाच पोळीबद्दल बोलत असावेत.

कंपासपेटीतली पट्टी १५ सेंटिमीटरची असते. आज रात्री ताटात पोळी आली की ती पट्टी पोळीच्या मधोमध धरून पाहा. पोळी दोन्ही बाजूंनी पट्टीच्या बाहेर गेली, तर आपण ‘दोन’ म्हणतो तेव्हा नक्की किती खातो, याचा हिशेब पुन्हा एकदा करायला हरकत नाही.